गव्हाचे राजकारण : परराष्ट्र धोरणाची आर्थिक शस्त्रे

(मराठीभाषक पक्षसभासदांच्या अभ्यासवर्गात केलेल्या भाषणाचा मजकूर)



पक्षाच्या कचेरीत माझे काम अनुवादाचे. त्यामुळे आजच्या विषयाची सुरुवात एका शब्दापासून करते. इंग्रजीत 'सँक्शन' असा शब्द आहे. त्याचा एक अर्थ मंजुरी आणि दुसरा निर्बंध. कामाला नवीन असताना मी एका बातमीत जेथे 'निर्बंध' लिहावयास हवे होते तेथे 'मंजुरी' लिहून बसले. एका ज्येष्ठ कॉम्रेडने कागद परत केला आणि म्हटले, "चूक दुरुस्त कर, पण एक लक्षात ठेव. ज्याच्या हातात मंजुरी असते, त्याच्याच हातात मनाई असते." आज जे सांगावयाचे आहे ते सारे या एका वाक्यात आले आहे.

एका राष्ट्राने दुसऱ्यावर आपली इच्छा लादण्यासाठी दर वेळी सैन्य पाठवावे लागते असे नाही. धान्य, कर्ज, जकात, आयातीचा कोटा, तंत्रज्ञ आणि मालवाहतुकीचा रस्ता ही देखील परराष्ट्र धोरणाचीच साधने आहेत. ती देताना त्यांना 'मदत' किंवा 'सवलत' म्हणतात. ती आवळली जातात तेव्हाच त्यांचे खरे स्वरूप दिसते. याचे सर्वांत बोलके उदाहरण आपल्याच देशाच्या इतिहासात आहे. ते म्हणजे पी. एल. 480.

10 जुलै 1954 रोजी अमेरिकेत हा कायदा झाला. तेथील शेतमालाचे भाव सरकार सावरून धरीत होते आणि त्यामुळे कोठारे गव्हाने तुडुंब भरली होती. तो गहू जगाच्या बाजारात एकदम ओतला असता तर भाव कोसळले असते. म्हणून डॉलर नसलेल्या देशांना तो त्यांच्याच चलनात विकण्याची युक्ती निघाली. विकण्याची, कॉम्रेड्स, दान करण्याची नव्हे. भारताने गव्हाची किंमत रुपयांत मोजली आणि ते रुपये येथेच अमेरिकेच्या खात्यात साठत गेले. त्यांतून अमेरिकन वकिलातीचा खर्च चाले आणि काही भाग भारतात धंदा करणाऱ्या अमेरिकन कंपन्यांना कर्जाऊ मिळे. निम्मा माल अमेरिकन जहाजांतूनच यावा अशीही तजवीज होती. शेतकऱ्याचा भाव, जहाजवाल्याचे भाडे आणि कंपनीचे भांडवल या साऱ्यांची सोय ज्या व्यवहारात झाली, त्याला आपण 'मदत' म्हणत आलो.

भारताबरोबरचा पहिला करार 1956 साली झाला. मे 1960 मध्ये मुंबईचे स. का. पाटील, तेव्हाचे केंद्रीय अन्नमंत्री, वॉशिंग्टनला गेले आणि अध्यक्ष आयसेनहॉवर यांच्यासमवेत त्यांनी चार वर्षांच्या करारावर सही केली : 1 कोटी 60 लाख टन गहू आणि 10 लाख टन तांदूळ. मोठा विजय म्हणून त्याचा गाजावाजा झाला. परंतु जमीनसुधारणा, पाटबंधारे व धान्यखरेदी ही अवघड कामे पुढे ढकलण्याची सवय त्या स्वस्त गव्हाने सत्ताधाऱ्यांना लावली. दोरी गळ्यात पडली ती अशी. त्या वेळी ती हारासारखी दिसत होती.

ती आवळली गेली 1965 मध्ये. जुना करार संपला होता. अध्यक्ष जॉन्सन यांनी नवा दीर्घ मुदतीचा करार करण्याऐवजी गव्हाला थोडी थोडी, काही आठवड्यांपुरती मंजुरी देण्यास प्रारंभ केला. त्याच वर्षी पाऊस गेला. 1964-65 मध्ये 8 कोटी 90 लाख टन असलेले धान्योत्पादन पुढील वर्षी 7 कोटी 20 लाख टनांवर आले, आणि त्यानंतरचे वर्षही दुष्काळाचेच निघाले. बिहारमध्ये उपासमार सुरू झाली. 1966 मध्ये देशाला सुमारे 1 कोटी टन धान्य बाहेरून आणावे लागले. बंदरात लागलेल्या जहाजातला गहू थेट रेशनच्या दुकानात जाई, आणि पुढचे जहाज निघणार की नाही हे वॉशिंग्टनमध्ये एक माणूस ठरवी.

या दोरीने काय काय ओढले गेले? नोव्हेंबर 1965 मध्ये रोम येथे अन्नमंत्री सी. सुब्रमण्यम आणि अमेरिकेचे कृषिमंत्री ऑरव्हिल फ्रीमन यांच्यात समझोता झाला. भारताच्या शेतीविषयक धोरणाच्या अटी त्यात होत्या. 6 जून 1966 रोजी, जागतिक बँक व मदत देणाऱ्या देशांच्या दडपणाखाली, रुपयाचे अवमूल्यन झाले. 4 रुपये 76 पैशांचा डॉलर एका रात्रीत साडेसात रुपयांचा झाला. आणि जुलै 1966 मध्ये इंदिरा गांधींनी व्हिएतनामवरील बाँबफेक थांबविण्याची मागणी केली, तेव्हा जॉन्सन यांचा रोष ओढवला आणि गव्हाची मंजुरी आणखी रेंगाळली. पाहा : शेती आमची, चलन आमचे, परराष्ट्र धोरण आमचे, परंतु तिन्हींवर बोलण्याचा अधिकार गहू देणाऱ्याने घेतला.

आता याच्या शेजारी 1971 ठेवा. त्या डिसेंबरात, बांगलादेशच्या मुक्तिसंग्रामात भारत उतरल्यावर, अमेरिकेने आर्थिक मदत स्थगित केली. पण या वेळी भारत झुकला नाही. मधल्या पाच वर्षांत धान्योत्पादन 10 कोटी 80 लाख टनांपर्यंत पोहोचले होते, अन्न महामंडळाच्या कोठारांत साठा होता, आणि सोव्हिएत युनियनबरोबर ऑगस्टमध्येच मैत्रीचा करार झाला होता. हरित क्रांतीचे लोणी बागायतदाराने खाल्ले व भूमिहीनाच्या ताटात ताकही धड पडले नाही ही आपली टीका योग्यच आहे. तरीही हा धडा विसरता येणार नाही : शस्त्राची धार देणाऱ्याच्या सामर्थ्यात जितकी असते, तितकीच घेणाऱ्याच्या गरजेत असते. गरज कमी झाली की धार बोथट होते.

ज्यांना ती गरज कमी करता आली नाही त्यांचे काय झाले? 1974 साली बांगलादेशात पुराने पीक बुडाले. त्या देशाने क्यूबाला तागाची पोती विकली होती आणि क्यूबाशी व्यापार करणाऱ्यास पी. एल. 480 चे धान्य देता येत नाही, असे अमेरिकेने कळविले. बांगलादेशने ही विक्री बंद करण्याचे मान्य केले. पण धान्य निघेपर्यंत शरद ऋतू उजाडला होता. त्या दुष्काळातील बळींचा सरकारी आकडा सव्वीस-सत्तावीस हजारांचा, तर अभ्यासकांचे अंदाज दहा लाखांच्याही पुढे जातात. दुष्काळाला साठेबाजी, बेकारी व सरकारी अव्यवस्था हीही कारणे होती. परंतु पोत्यांच्या एका व्यवहारासाठी भुकेल्या देशाचे धान्य अडविले गेले, हे सत्य राहतेच.

कॉम्रेड्स, येथे थांबलो तर आपला अभ्यास अर्धा राहील. ही शस्त्रे केवळ साम्राज्यवाद्यांनीच वापरली असे नाही. सोव्हिएत युनियनने 1955 च्या कराराने भिलाईला अडीच टक्के व्याजाने कर्ज दिले आणि सार्वजनिक क्षेत्रातील पोलाद उभे राहिले, हे आपण अभिमानाने सांगतो. त्याच सोव्हिएत युनियनने जुलै 1960 मध्ये चीनमधील आपले सर्व तंत्रज्ञ परत बोलाविले आणि अर्धवट कारखाने तसेच राहिले, हेही तितक्याच स्पष्टपणे सांगितले पाहिजे. आणि आपला देश? मार्च 1989 मध्ये नेपाळशी असलेले व्यापार व पारगमनाचे करार संपले, तेव्हा भारताने सीमेवरील पंधरांपैकी दोनच नाकी उघडी ठेवली. नेपाळने चीनकडून शस्त्रे घेतल्याचा राग त्यामागे होता. रॉकेलसाठी रांगा लागल्या त्या काठमांडूच्या राजवाड्यात नव्हे, तर गरिबांच्या वस्त्यांत. 1966 मध्ये जी वागणूक आपल्याला अपमानास्पद वाटली, तीच आपण शेजाऱ्याला दिली.

म्हणून माप एकच हवे. साधन कोणाच्या हातात आहे एवढेच पाहू नये. ते कोणाच्या ताटातला घास काढते ते पाहावे. दक्षिण आफ्रिकेतील वर्णद्वेषी राजवटीवर निर्बंध घालावेत ही मागणी तेथील पीडित जनतेच्याच लढ्यातून आली होती आणि भारताने 1946 मध्येच त्या देशाशी व्यापार तोडला होता. क्यूबावर 1962 पासून लादलेल्या संपूर्ण व्यापारबंदीची मागणी क्यूबाच्या कष्टकऱ्यांनी केली नव्हती. दोन्हींना 'निर्बंध' हा एकच शब्द लावणे म्हणजे माझ्या त्या जुन्या चुकीचीच पुनरावृत्ती होय.

हा इतिहास जुना झाला असे कोणी समजू नये. रशियाकडून तेल घेतल्याचे कारण देऊन अमेरिकेने 27 ऑगस्ट 2025 पासून भारतीय मालावर आणखी 25 टक्के जकात लावली आणि एकूण बोजा 50 टक्क्यांवर नेला. त्याची झळ प्रथम लागली ती तिरुपूरच्या शिवणकामगारांना आणि सुरतेच्या हिरे घासणाऱ्यांना. गव्हाच्या जागी बाजारपेठ आली. दोरी तीच आहे.

शेवटी एक गोष्ट सांगून थांबते. सोव्हिएत युनियन कोसळल्यानंतर क्यूबा एकाकी पडला होता. तेव्हा, 1992 मध्ये, कॉ. हरकिशन सिंग सुरजीत यांच्या पुढाकाराने या देशातील कामगार-शेतकऱ्यांकडून 10 हजार टन गहू गोळा करून जहाजाने हवानाला पाठविण्यात आला. ज्या देशाला सव्वीस वर्षांपूर्वी जहाजाची वाट पाहावी लागत होती, त्याच देशाच्या कष्टकऱ्यांनी दुसऱ्याच्या वाटेकडे जहाज लावले, आणि त्या गव्हाबरोबर कोणतीही अट नव्हती. 'मदत' या शब्दाचा अनुवाद करताना माझ्या डोळ्यांसमोर तो गहू असतो. बाकीच्या व्यवहारांना त्यांच्या खऱ्या नावाने हाक मारणे, हे आपले काम आहे.