आवाजातून जग घडवणारी वाक्

भाकरी थापता थापता ऐकणाऱ्या, शेताच्या बांधावर मोबाइल लावून ऐकणाऱ्या, गटाच्या बैठकीत एकत्र बसून ऐकणाऱ्या सगळ्यांना आमच्या गटांकडून नमस्कार.

आज आम्ही तुम्हाला एका फार जुन्या कल्पनेची ओळख करून देणार आहोत. जग कशातून घडलं, हा प्रश्न माणसाला पहिल्यापासून पडत आलाय. कुणी म्हणालं पाण्यातून, कुणी म्हणालं अंड्यातून. आपल्याकडच्या जुन्या कवींनी आणखी एक कल्पना केली. सगळ्या जगाला व्यापून राहिलेली, सगळं चालवणारी एक शक्ती म्हणजे आवाज. तिचं नाव वाक्. वाक् म्हणजे वाणी, बोल. आणि ही वाक् त्यांनी बाईच्या रूपात पाहिली.

ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलात 125 वं सूक्त तिचं आहे. त्यात आठच ऋचा आहेत. परंपरा सांगते की हे सूक्त वागांभृणी नावाच्या ऋषिकेचं, म्हणजे एका बाईचं. त्यात वाक् स्वतःबद्दल स्वतः बोलते. ती म्हणते, मोठमोठे देव माझ्या सोबतीनं चालतात. कुणी अन्न खातो, पाहतो, श्वास घेतो, तो माझ्यामुळं, मग त्याला ते माहीत असो वा नसो. माझ्या मनात येईल त्याला मी शहाणा करते. आणि एके ठिकाणी ती स्वतःला धन एकत्र आणणारी म्हणते. हे आम्ही बैठकीत वाचलं तेव्हा बायका हसल्या. म्हणाल्या, ही तर आपल्या बचत गटाचीच दिसते!

पण वाक्‌ची सगळीकडे अशी शान नव्हती बरं का. शतपथ ब्राह्मण नावाच्या ग्रंथात तिची एक गोष्ट आहे. एकदा मन आणि वाणी यांचं भांडण लागलं, मोठं कोण? मन म्हणालं, तू माझ्या मागून चालणारी. मला जे कळतं तेवढंच तू बोलतेस. वाणी म्हणाली, तुला कळलेलं दुसऱ्यापर्यंत पोचवतं कोण? मीच ना? दोघं निवाड्याला प्रजापतीकडं गेली. प्रजापतीनं मनाच्या बाजूनं निकाल दिला. वाणीला ते लागलं. ती प्रजापतीला म्हणाली, मग यापुढं तुझा हविर्भाग मी वाहून आणणार नाही. म्हणून यज्ञात प्रजापतीसाठीचं कर्म हलक्या आवाजात करतात, असं तो ग्रंथ सांगतो.

दुसरी गोष्ट तैत्तिरीय संहितेतली. वाक् एकदा देवांना सोडून निघून गेली आणि झाडांत शिरली. म्हणून नगाऱ्यात, बासरीत, वीणेत जो आवाज येतो तो तिचा. लाकडातून तीच बोलते.

ही दुसरी गोष्ट ऐकून आम्हाला आपल्या आज्या-पणज्या आठवल्या. त्यांनाही चारचौघांत बोलायला जागा नव्हती. मग त्यांचा आवाज जात्यात शिरला. पहाटे दळताना सासर, माहेर, भाऊ, नवरा, पाऊस, दुष्काळ, सगळं त्या ओवीत सांगायच्या. हेमा रायरकर आणि गी पॉइट्वाँ यांनी आपल्या सहकाऱ्यांसोबत खेड्यापाड्यांतून अशा एक लाखाहून जास्त ओव्या गोळा केल्या. एक लाख! म्हणजे बायका गप्प नव्हत्याच. ऐकणारं मात्र जातं होतं.

ऋग्वेदातच आणखी एक विचार आहे. वाणीचे चार भाग असतात, त्यातले तीन आत लपलेले, आणि माणसं बोलतात तो फक्त चौथा. पुढं कीर्तनात आपण ऐकतो त्या परा, पश्यंती, मध्यमा आणि वैखरी या चार वाणी. वैखरी म्हणजे तोंडातून बाहेर पडणारी.

मैत्रिणींनो, आता आपल्या गटाकडं बघा. कर्ज कुणाला द्यायचं हे आपल्या मनात असतं, तोवर काही घडत नाही. कुणीतरी बोलतं, चर्चा होते, ठराव होतो, तो वहीत उतरतो, सह्या होतात. मग बँकेतून पैसे निघतात आणि कुणाच्या तरी दारात शेळी उभी राहते. बोलातून जग घडतं म्हणजे आणखी काय असतं?

ग्रामसभेचंही तसंच आहे. महाराष्ट्रात 2011 पासून पंचायतीत निम्म्या जागा बायकांना आहेत. ग्रामसभेच्या आधी महिलांची सभा घ्यायची, हे कायद्यातच आहे. पण पुष्कळ गावांत ही सभा घरोघरी वही फिरवून, सह्या घेऊन उरकली जाते. सही होते, वैखरी मात्र आतच राहते.

आमच्या एका गटातल्या बायकांना पहाटे अंधारात हातपंपावर जावं लागतं. वाटेवर दिवा हवा, हे घरात शंभरदा बोलून झालं होतं. या वेळी तिघीजणी महिला सभेत उभ्या राहून बोलल्या. विषय ग्रामसभेत वाचला गेला, ठराव झाला, त्याला नंबर पडला. दिवा अजून लागलेला नाही. पण आता त्या बायका ठरावाचा नंबर सांगून विचारतात, काम कुठवर आलं? आणि समोरच्याला उत्तर द्यावं लागतं.

म्हणून आमचं एवढंच सांगणं आहे. पुढच्या बैठकीत अध्यक्ष आणि सचिवांनीच बोलायचं नाही. गोल बसायचं आणि प्रत्येकीनं निदान एक वाक्य बोलायचं. नवी सून असेल, तिला आधी बोलू द्यायचं. बैठक संपताना इतिवृत्त मोठ्यानं वाचायचं आणि आपण बोललो ते त्यात आलंय का ते ऐकूनच सही करायची. महिला सभेची वही दारात आली, तर विचारायचं, सभा कधी आहे? आम्ही येतो, तिथंच सही करतो.

ज्यांना वाचता येत नाही त्यांनीही संकोच करू नका. वाक्‌ला अक्षरांची ओळख लागत नाही. वेदसुद्धा कित्येक शतकं पाठांतरानंच टिकले.

तुमच्या गटात काय ठरलं, ते आम्हाला रेडिओवर येऊन सांगा.