बियाण्याचा कांदा आणि स्मिता पाटील

स्मिता पाटीलचं नाव निघालं की आपल्या कवठे येमाई गावात 'नमक हलाल'मधलं पावसातलं गाणं आठवतं, मग ती किती लवकर गेली म्हणून हळहळ होते. माझं मागणं एवढंच, की तिचे थोड्या पैशातले चित्रपट पाहा.

कांदा पिकवणाऱ्यांना हे लगेच उमजेल. चाळीतला निवडक कांदा आपण बाजाराला नेत नाही, बियाण्याला ठेवतो. त्याचे पैसे त्या वर्षीच्या पट्टीत दिसत नाहीत. तो पुन्हा लावायचा, गोंडे येऊ द्यायचे, राखण करायची, तेव्हा कुठं बी हाती येतं. स्मितानं आपली उमेदीची वर्षं अशी बियाण्याला ठेवली. दूरदर्शनवर बातम्या देणारी ही पुण्याची मुलगी श्याम बेनेगलांकडे गेली. १९७५ ते १९७७ मध्ये 'निशांत', 'मंथन', 'भूमिका', शिवाय जब्बार पटेलांचा 'जैत रे जैत'. गल्ल्यावर नजर ठेवून यातलं एकही काम घेतलेलं नव्हतं.

'मंथन' तर गुजरातच्या ५ लाख दूधउत्पादकांनी प्रत्येकी २ रुपये घालून उभा केला. पटकथा आपल्या विजय तेंडुलकरांची. २०२४ साली त्याची नवी केलेली प्रत फ्रान्सला कान महोत्सवात दाखवली. तिकडं तो पाहतात, आणि इथं पहाटे डेअरीवर दूध घालणाऱ्या बाईला त्यातली स्मिताची बिंदू माहीत नाही! याचं मला फार वाईट वाटतं. म्हणून पुन्हा सांगतो, 'मंथन' पाहा.

आणि 'भूमिका'. शाहीर मोमीन कवठेकरांचे वग ज्या गावानं रात्र रात्र जागून पाहिले, त्याला 'सांगत्ये ऐका'मधल्या हंसा वाडकर सांगायला नकोत. त्यांच्याच आत्मचरित्रावर हा चित्रपट. कमावत्या नटीच्या पैशावर घर चालतं आणि घरात तिचाच जीव गुदमरतो. विशी नुकतीच ओलांडलेल्या स्मितानं अल्लड पोरीपासून थकलेल्या बाईपर्यंतचं सारं वय त्यात पेललं. पहिला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला तो याच कामाला. बियाण्याचा कांदा म्हणतो तो हा. पुढं किती मुली तिच्याकडं बघून...

वेळ संपत आली. 'उंबरठा'तली तिची सुलभा राहिलीच. तरुण मंडळांनो, येमाईच्या यात्रेत एक रात्र पडदा लावा, आधी 'मंथन' दाखवा, आणि दूध घालणाऱ्या बायकांना पुढच्या रांगेत बसवा.