मास्तर नट झाले तेव्हा



गावच्या शाळेत स्नेहसंमेलन जवळ आलं, की नाटक कोण बसवतं? मास्तरच. दिवसा व्याकरण शिकवायचं आणि संध्याकाळी मुलांकडून संवाद पाठ करून घ्यायचे. मग एखादा पाटील म्हणतो, "मास्तर, तुम्ही नाटकातच जायचं होतं!" मास्तर हसतात, आणि दुसऱ्या दिवशी घंटा झाली की हजेरीपट घेऊन वर्गावर जातात. पोटापाण्याचा प्रश्न असतो ना! अशाच एका मास्तरांची हकीकत आज आपल्याला सांगायची आहे. हे मास्तर मात्र आपल्याकडचे नव्हेत, आयर्लंडमधले. त्यांचं नाव ब्रेंडन ग्लीसन.

ग्लीसन यांचा जन्म 1955 साली डब्लिन शहरात झाला. शिक्षण पुरं झाल्यावर ते डब्लिनच्या उत्तरेकडील एका माध्यमिक शाळेत शिक्षक झाले. विषय दोन, इंग्रजी आणि आयरिश. आता आयरिश शिकवणं म्हणजे काय, हे थोडं समजून घेतलं पाहिजे. आयरिश ही त्या देशाची पहिली राजभाषा. पण बहुतेक लोकांच्या रोजच्या बोलण्यात इंग्रजीच. घरी न बोलली जाणारी आपलीच भाषा मुलांच्या गळी उतरवायची, त्यांना तिचा कंटाळा येऊ द्यायचा नाही, हे काम सोपं नव्हे. माझ्या शिक्षक बंधुभगिनींना ते अधिक सांगायला नको.

शाळा सुटली, की ग्लीसन नाटकाच्या तालमीला जात. त्या काळात, म्हणजे 1980 नंतरच्या दशकात, डब्लिनमध्ये 'पॅशन मशीन' नावाची एक नाटक मंडळी होती. राजेरजवाड्यांची नव्हे, तर शहरातल्या साध्या माणसांची नाटकं ती करी. ग्लीसन त्या मंडळीत कामं करीत. सकाळी खडू, संध्याकाळी रंग, असं कित्येक वर्षं चाललं. चित्रपटात त्यांनी पाऊल टाकलं तेव्हा त्यांची चौतिशी आली होती. नट म्हणून सुरुवात करायची, तर हे वय उशिराचंच म्हणायचं.

अखेर 1991 साली त्यांनी शाळेची नोकरी सोडली. वय छत्तीस. घरी पत्नी आणि लहान मुलं. नोकरी कायमची, पगार ठरलेला. आणि समोर काय, तर आज काम आहे, उद्या नाही, असा धंदा. श्रोतेहो, घरचा खर्च चालवणाऱ्या माणसालाच या निर्णयाचं वजन कळेल.

त्याच वर्षी दूरचित्रवाणीवर त्यांचा एक चित्रपट झाला, 'द ट्रीटी'. ट्रीटी म्हणजे तह. 1921 साली आयर्लंडचे पुढारी लंडनला जाऊन ब्रिटिश सरकारशी बोलणी करीत बसले होते. त्यांत मायकेल कॉलिन्स हा अवघ्या एकतीस वर्षांचा तरुण होता. त्यानं तहावर सही केली. त्या तहावरून देशात दुफळी झाली, भाऊबंदांत यादवी माजली, आणि 1922 साली याच कॉलिन्सला गोळी घालून मारण्यात आलं. या कॉलिन्सची भूमिका ग्लीसन यांनी केली.

आता गंमत पाहा. त्या बोलण्यांच्या वेळी टेबलाच्या पलीकडे ब्रिटिशांच्या बाजूला कोण कोण बसले होते? त्यांतले एक होते विन्स्टन चर्चिल. आपल्या स्वातंत्र्याला पुढं कसून विरोध करणारे तेच हे चर्चिल. अठरा वर्षांनी, 2009 साली, 'इन्टू द स्टॉर्म' या दूरचित्रवाणीपटात महायुद्धातल्या चर्चिलची भूमिका कोणी करावी? याच ब्रेंडन ग्लीसन यांनी! त्या कामाबद्दल त्यांना अमेरिकेतलं मोठं एमी पारितोषिक मिळालं. एकाच माणसानं टेबलाच्या दोन्ही बाजूंना बसून दाखवलं.

हे कसं साधलं असेल? मला असं वाटतं, की ही विद्या वर्गातही शिकता येते. चाळीस पोरं समोर असतात. एक हुशार, एक व्रात्य, एक मागच्या बाकावर गप्प बसणारं. प्रत्येकाच्या जागी घटकाभर उभं राहिल्याखेरीज शिकवता येतच नाही. नटाचं काम तरी निराळं काय आहे? न आवडणाऱ्या माणसालाही आतून समजून घ्यायचं.

त्यांच्या भूमिका पाहिल्या, की हे पटतं. 1995 सालच्या 'ब्रेव्हहार्ट'मध्ये ते नायकाचा धिप्पाड जिवलग मित्र झाले. 1998 साली 'द जनरल'मध्ये डब्लिनचा नामचीन दरोडेखोर झाले. 2014 सालच्या 'कॅल्व्हरी'मध्ये ते खेड्यातले पाद्री आहेत. पुढल्या रविवारी तुला मारणार, अशी धमकी मिळूनही ते आपली माणसं सोडून जात नाहीत. आणि मुलांना ठाऊक असलेल्या हॅरी पॉटरच्या चित्रपटांत त्यांना काम काय मिळालं म्हणता? मूडी नावाच्या मास्तरांचं! शाळा सोडून गेलेल्या माणसाला पडद्यानं पुन्हा शाळेतच धाडलं.

आणखी एक गोष्ट. ग्लीसन फिडल, म्हणजे आपलं व्हायोलिन, छान वाजवतात. 2022 सालच्या 'द बॅन्शीज ऑफ इनिशेरिन' या चित्रपटाची गोष्ट 1923 सालची, म्हणजे त्याच यादवीच्या काळातली आहे. एका लहान बेटावरचा फिडलवाला एके दिवशी जुन्या मित्राशी बोलणंच टाकतो. उरलेलं आयुष्य गप्पांत न घालवता मागं राहील असं संगीत रचावं, एवढंच त्याला हवं असतं. ही भूमिका ग्लीसन यांनी केली, आणि त्यातलं फिडलही स्वतःच वाजवलं. त्याबद्दल ऑस्करसाठी त्यांचं नाव प्रथमच पुढं आलं, तेव्हा ते सदुसष्ट वर्षांचे होते. त्यांचे दोन मुलगे, डोनल आणि ब्रायन, हेही नट झाले आहेत.

श्रोतेहो, ही हकीकत ऐकून कोणी उद्या राजीनामा लिहायला बसू नये! ग्लीसन यांनी नोकरी सोडली ती एका दिवसात नव्हे. आधी कित्येक वर्षं रोजचं काम सांभाळून त्यांनी संध्याकाळ जपली होती. मला सांगायचं आहे ते त्या संध्याकाळबद्दल. आपल्यापैकी कोणाला भजन येतं, कोणाला चित्र काढता येतं, कोणी मुलांचं नाटक बसवतो. शाळेचे नाहीतर शेतीचे व्याप आहेत म्हणून ते टाकून देऊ नका. आणि वर्गात, शेतात गेलेली वर्षं वाया गेली, असंही समजू नका. दोन्ही एकमेकांना खतपाणी घालतात.

तेव्हा गुरुजी, यंदाचं नाटक अवश्य बसवा. मागच्या बाकावरच्या त्या गप्प मुलालाही त्यात एक काम द्या.