निवाडा आला म्हणजे लढा संपला नव्हे
(मानेसर येथील कामगार मेळाव्यातील भाषण)

साथींनो,

मानेसरच्या महामार्गावर आपला माणूस जखमी होतो, गुरुग्रामच्या मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात दावा चालतो, निवाडा येतो. रक्कम तुटपुंजी असली तरी पुष्कळजण नशिबाला बोल लावून गप्प बसतात. तसे बसू नका.

१९८८ च्या मोटार वाहन कायद्याच्या कलम १७३ प्रमाणे निवाड्याच्या तारखेपासून ९० दिवसांत उच्च न्यायालयात अपील करता येते. इथल्या निवाड्यांसाठी ते चंदीगडला. वादातली रक्कम मात्र १ लाखाहून कमी नसावी. अपिलापूर्वी २५ हजार किंवा निम्मी रक्कम, जी कमी असेल ती, भरण्याची अट भरपाई देणाऱ्यावर आहे, जखमीवर नाही.

सर्वोच्च न्यायालयाने २०१० साली स्पष्ट केले की, दाखल्यावरची अपंगत्वाची टक्केवारी म्हणजे कमाईतली घट नव्हे. डावा हात गेला तर ड्रायव्हरची, सुताराची रोजी बुडते; कारकुनाची नोकरी टिकू शकते. मग दिवसभर चालणाऱ्या ट्रॅकमनच्या, पोस्टमनच्या पायाचे मोल न्यायाधिकरणाने काय धरले, हे निवाड्यात आधी पाहा.

निवाड्याची नक्कल मिळताच शाखेत आणा. मुदत उलटली तर उशिराचे सबळ कारण कोर्टाला पटवावे लागते. भरपाई ही मेहेरबानी नव्हे, आपला हक्क आहे!

कामगार एकजुटीचा विजय असो!