कात्री चालवणाऱ्या बाईची गोष्ट

कर्तबगार बायकांच्या गोष्टी आपण इथे नेहमी ऐकतो. आज आम्ही जी गोष्ट आणली आहे, ती बाई कर्तबगार होती यात शंकाच नाही. पण तिचं नुसतं कौतुक करून भागत नाही.

तिचं नाव लेनी रीफेनश्टाल. १९०२ साली जर्मनीत, बर्लिन शहरात जन्मली. मुलीने नाचावं हे वडिलांना पसंत नव्हतं, तरी ती नर्तकी झाली. पुढे गुडघा दुखावला आणि ती सिनेमाकडे वळली. १९२६ पासून ती पडद्यावर दिसू लागली. बर्फाच्या डोंगरांत घडणाऱ्या त्या सिनेमांसाठी ती कडे चढायला शिकली. १९३२ साली तिने 'निळा प्रकाश' हा स्वतःचा सिनेमा काढला. त्यात नायिकाही तीच आणि दिग्दर्शकही तीच.

तिचा खरा हात बसला तो संकलनात. त्या काळी चित्रण लांबच लांब पट्टीवर व्हायचं. ती पट्टी कात्रीने कापायची, नको ते तुकडे टाकायचे, हवे ते चिकटवायचे. आपण गोधडीला तुकडे जोडतो ना, तसंच. कुठला तुकडा कुठल्या शेजारी लावला, यावर सगळं ठरतं.

१९३४ साली हिटलरच्या पक्षाचा न्यूरेंबर्ग शहरात मोठा मेळावा झाला. त्याचा सिनेमा करायचं काम हिटलरने तिला दिलं. सुमारे ६० तासांचं चित्रण झालं. त्यातून निवडून तिने दोन तासांहून कमी वेळाचा सिनेमा बांधला. हिटलरचा चेहरा, लगेच हसणारी मुलं, लगेच हात उंचावलेली गर्दी. बघणाऱ्याला वाटावं, अख्खा देश सुखात आहे. पण तेव्हा हिटलरचे विरोधक तुरुंगात आणि छावण्यांत होते, ज्यू लोकांच्या नोकऱ्या जात होत्या. ते या सिनेमात कुठेच नाही. १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकवरही तिने सिनेमा केला. कॅमेऱ्याच्या नव्या युक्त्यांसाठी तो आजही नावाजला जातो.

'निळा प्रकाश'ची कथा लिहायला बेला बालाझ या ज्यू लेखकाचा हात होता. हिटलरच्या राज्यात तो सिनेमा पुन्हा दाखवला, तेव्हा त्याचं नाव त्यावर नव्हतं. पुढे युद्धकाळात एका सिनेमातल्या गर्दीसाठी तिने छावण्यांत डांबलेली शंभरहून अधिक रोमा आणि सिंती माणसं आणवली. त्यांत लहान मुलंही होती. त्यांच्या कामाची मजुरी त्यांच्या हाती पडली नाही. पुढे त्यांच्यातल्या अनेकांना आउशवित्झच्या मृत्युछावणीत पाठवलं गेलं.

युद्धानंतर तिची चौकशी झाली. ती पक्षाची सभासद नव्हती, म्हणून 'सोबत वाहत गेलेली' एवढाच शेरा तिच्यावर बसला. आपल्याला राजकारण कळत नव्हतं, आपण फक्त कला केली, असं ती शेवटपर्यंत सांगत राहिली. २००३ साली, वयाच्या १०१ व्या वर्षी ती गेली.

तायांनो, हातात कसब असलं की काम देणारे येतातच. मोठ्या माणसाने बोलावलं की बरंही वाटतं. पण हे काम कुणाच्या उपयोगी पडणार, त्यात कुणाचं नाव गाळलं जातंय, कुणाची मजुरी बुडतेय, हे विचारायला राजकारण कळावं लागत नाही. गटाच्या वहीत आपण पै-पैचा हिशेब मागतो, तोच हा प्रश्न.

आणि आता मोबाईलवर मेळाव्याची चित्रफीत आली, की गर्दी बघून लगेच भारावून जाऊ नका. हे तुकडे कुणी जोडले आणि कुठले टाकून दिले, यावर येत्या बैठकीत दहा मिनिटं जरूर बोला.