नागवेल घरात जगवताना



जेवणाची वेळ होत आलीय हे आम्हाला दिसतंय, तेव्हा फार वेळ घेत नाही. मागच्या टेबलावर नागवेलीच्या कुंड्या मांडल्यात, त्या आम्हा चौघींच्या घरच्या. विक्रीचे सगळे पैसे मंडळाच्या मदतनिधीला जाणार. पण कुंडी घरी नेली आणि जानेवारीत वेल मेली, असं व्हायला नको, म्हणून हे चार शब्द.

आम्हाला ही वेल 2011 साली मंडळातल्याच एका मावशींनी दिली. त्याआधी सत्यनारायणाला इंडियन ग्रोसरीतून पानं आणायची, ती निम्मी काळी पडलेली! भारतातून रोप पर्समध्ये घालून आणायचा बेत कोणाचा असेल तर सोडून द्या. रोपाच्या तपासणीचा दाखला लागतो, आणि माती तर मुळीच चालत नाही.

मावशींनी दिलेली पहिली वेल आम्ही पाणी घालून घालून मारली. तिला ओलावा आवडतो एवढंच ऐकलं होतं, मग रोज आपल्या चहाबरोबर तिलाही पाणी. मावशी म्हणाल्या, "अगं, ओलावा हवेत हवा, मुळाशी डबकं नको." सांगली-मिरजेकडच्या पानमळ्यात वेल शेवगा, शेवरी, पांगारा यांच्या आधाराने सावलीत चढते. हवा दमट, आणि जमिनीत पाणी साचू द्यायचं नाही. शिकागोच्या हिवाळ्यात नेमकं उलटं. हीटिंगने हवा कोरडी ठणठणीत, काचेपाशी गारठा, आणि आपण तांब्या घेऊन तयार.

तेव्हा मातीत परलाइट सढळ हाताने मिसळा. बोटाचं एक पेर खुपसून बघा, तेवढी माती सुकली असेल तरच कोमट पाणी घाला आणि बशीत उतरलेलं ओतून टाका. जागा पूर्वेच्या खिडकीजवळ, पण काचेला पान टेकता कामा नये. हीटिंगच्या झरोक्यापासूनही लांब. पारा 60 फॅरनहाइटच्या खाली जाऊ देऊ नका. 50 च्या खाली तर ती तग धरत नाही.

आता हवेचं. स्प्रेच्या बाटलीने पानं भिजवली की आपल्याला बरं वाटतं, पण दहा मिनिटांत ते पाणी उडून जातं. सगळ्या घरात ह्युमिडिफायर सोडला तर खिडक्यांना पाणी सुटतं आणि नवऱ्याची कुरकुर सुरू होते. त्यापेक्षा खिडकी असलेली बाथरूम बरी. नाहीतर पारदर्शक प्लास्टिकची मोठी पिशवी कुंडीवर सैलसर घाला आणि दिवसातून एकदा उघडा. जुना फिशटँक असेल तर उत्तमच. पानामागे बारीक जाळी दिसली तर कोळी लागलाय असं समजा. सिंकमध्ये पानं दोन्ही बाजूंनी धुवा, आठवड्याने पुन्हा धुवा. खायचं पान आहे, औषध मारू नका.

पानमळ्यात वेल उंच गेली की ती उतरवतात, म्हणजे खाली घेऊन, गुंडाळून, शेंडा वर ठेवून बाकीची मातीत पुरतात. पेऱ्यांना नवी मुळं फुटतात. आम्ही हेच मे महिन्यात कुंडीत करतो. टेबलावरच्या कुंड्याही पेऱ्यांपासूनच झाल्यात. तीन-चार पेरांची फांदी, दोन पेरी मातीत, वरून पिशवी, आणि महिनाभर धीर.

2019 च्या 30 जानेवारीला इथे पारा उणे 23 फॅरनहाइटवर गेला होता, आठवतंय ना? त्या रात्री आमच्यापैकी एकीचा फर्नेस बंद पडला. सकाळी वेल उकडल्यासारखी काळी झालेली. बाकी तिघींच्या वेली कोरड्या हवेने आधीच गेल्या होत्या, म्हणजे ती शेवटची. आणि मावशी आदल्याच वर्षी गेल्या होत्या. नवी मागायची कोणाकडे? फोनाफोनी केली. शेवटी कळलं, की शँपेनला शिकणाऱ्या एका मुलाला मावशींनी कधीतरी एक फांदी दिली होती. त्याच्या हॉस्टेलच्या बाथरूममध्ये ती छतापर्यंत गेली होती! मार्चमध्ये तो तीन पेरं ओल्या टिश्यूत गुंडाळून, कोटाच्या आतल्या खिशातून घेऊन आला. आज मांडलेल्या सगळ्या कुंड्या त्या तीन पेरांच्या.

आज बाहेर थंडी आहे. गाडी आधी गरम करा, मग कुंडी न्या. सहा-सात पानं होईपर्यंत खुडू नका. आणि पुढच्या दिवाळीला येताना, ज्यांची जगली असेल त्यांनी एक फांदी घेऊन या. आमची तोवर असेलच असं नाही.