काळासाठी तीन प्रत्यय

क्रियापदाचा काळ दाखवायला किती नियम लागतात? डॉ. लुडविक झामेनहॉफ यांनी १८८७ मध्ये वॉर्सा येथे प्रसिद्ध केलेल्या एस्पेरांतो भाषेत साधे तीनच प्रत्यय पुरतात: भूतकाळाला ‘इस’, वर्तमानकाळाला ‘आस’ आणि भविष्यकाळाला ‘ओस’. पुरुष किंवा वचन बदलले तरी रूप बदलत नाही. घडवलेली भाषा निर्जीवच राहणार, असा आक्षेप घेतला जातो. पण एस्पेरांतो घरातच ऐकत वाढलेली मुले आहेत आणि तिच्यात स्वतंत्र साहित्यही आहे. इतक्या सोप्या व्याकरणात काळाच्या बारीक छटा हरवतील, ही शंकाही टिकत नाही. कारण धातुसाधितांतही हेच तीन स्वर झालेली, चाललेली आणि होणारी क्रिया वेगळी दाखवतात. व्याकरणाची गुंतागुंत ही विचारांच्या खोलीची अट नाही, हेच यातून दिसते.